इस्रायलच्या डिमोना, अश्दोद, लोदमधल्या मराठी ज्यू घरांना खुलं पत्र

प्रिय बंधुभगिनींनो,

शालोम आणि नमस्कार.

नोव्हेंबर २०२२च्या निवडणुकीत १४ जागा घेऊन क्नेसेटमध्ये, म्हणजे इस्रायलच्या संसदेत, तिसऱ्या क्रमांकावर आलेल्या यादीबद्दल मला तुमच्याशी बोलायचं आहे. बेझलेल स्मोट्रिच आणि इतामार बेन-ग्वीर या जहाल उजव्या नेत्यांची ती एकत्र यादी. तुमच्यापैकी काहींनी तिला मत दिलं असेल. काहींनी उजव्या लिकुड पक्षाला किंवा धार्मिक शास पक्षाला दिलं असेल आणि त्यातून तिला सत्तेची वाट मोकळी झाली असेल. काहीजण तर त्या दिवसापासून अस्वस्थ असतील. मी तुम्हा सगळ्यांना लिहिते आहे, आणि मराठीत लिहिते आहे, कारण ज्या गोष्टीची आठवण मला करून द्यायची आहे ती आपल्याच मराठी बोलणाऱ्या ज्यू माणसांवर, बेने इस्रायलांवर, गुदरली होती.

मी ठाण्याची. आडनाव सांगायची गरज नाही. आपल्या सगळ्यांचीच आडनावं रायगडातल्या कुठल्या ना कुठल्या गावाला ‘कर’ लावून झालेली आहेत. तुम्ही तिकडे सायरन ऐकत मुलाबाळांना घेऊन आसऱ्याच्या खोलीत धावता, मी इकडे सुरक्षित बसून शहाणपण शिकवते, असं कुणाला वाटेल. वाटू द्या. ७ ऑक्टोबर २०२३ रोजी हमासने सुमारे १,२०० माणसं मारली, २५१ ओलीस नेले. त्या आठवड्यात ठाण्यातल्या आमच्या मशिदीत, म्हणजे सिनेगॉगमध्ये, कुणाला धड प्रार्थना म्हणता येत नव्हती. ज्याचा त्याचा कुणीतरी तिकडे होता. तेव्हा हे पत्र परक्याचं समजू नका.

बेन-ग्वीरपासून सुरुवात करते. ऑक्टोबर १९९५मध्ये १९ वर्षांचा हा मुलगा टीव्हीवर दिसला, हातात पंतप्रधान यित्झाक राबिन यांच्या कॅडिलॅक गाडीवरून उपटलेलं चिन्ह घेऊन. गाडीपर्यंत पोचलो तसे राबिनपर्यंतही पोचू, असं तो म्हणाला. काही आठवड्यांनी, ४ नोव्हेंबरला, तेल अवीवच्या सभेनंतर यिगाल अमीर नावाच्या कायद्याच्या विद्यार्थ्याने राबिन यांना गोळ्या घातल्या. बेन-ग्वीरचा त्या खुनात हात होता असं मी म्हणत नाही. तसा पुरावा नाही. पण त्याला लष्कराने भरती करून घेतलं नाही, इतका तो त्यांना जहाल वाटला. २००७मध्ये वंशद्वेष भडकवल्याबद्दल आणि दहशतवादी संघटनेला पाठिंबा दिल्याबद्दल कोर्टाने त्याला दोषी ठरवलं. त्याच्या बैठकीच्या खोलीत वर्षानुवर्षं बारूख गोल्डस्टीनचा फोटो होता. आणि डिसेंबर २०२२मध्ये देशाचं पोलीस खातं त्याच्या हाती आलं.

गोल्डस्टीन कोण, हे इथल्या वाचकांसाठी सांगायला हवं. हेब्रॉनशेजारच्या किर्यात अरबा या ज्यू वसाहतीतला डॉक्टर. २५ फेब्रुवारी १९९४ला शुक्रवार होता, रमजान चालू होता आणि आपला पुरिमचा सणही त्याच दिवशी आला होता. हेब्रॉनला मखपेलाची गुहा आहे. अब्राहाम, सारा, इसहाक, रिबेका, याकोब, लेआ यांची समाधी. ती जागा ज्यूंचीही आणि मुसलमानांचीही. पहाटेच्या नमाजाला माणसं वाकलेली असताना गोल्डस्टीन लष्करी गणवेशात आत शिरला आणि मागून गोळ्या झाडत सुटला. २९ माणसं मेली. तिथल्याच लोकांनी त्याला मारला. राबिन यांनी क्नेसेटमध्ये उभं राहून सांगितलं की असा माणूस ज्यू धर्माला लाज आणणारा आहे. पण किर्यात अरबात त्याची कबर यात्रेचं ठिकाण बनली. तिच्याभोवतीचं बांधकाम सरकारला १९९९मध्ये पाडावं लागलं. दगडावर मात्र ‘स्वच्छ हातांचा, शुद्ध अंतःकरणाचा’ असे शब्द कोरलेले राहिले. स्तोत्रसंहितेतले शब्द आहेत ते. आपण प्रार्थनेत म्हणतो त्या स्तोत्रांमधले.

या सगळ्यांचा गुरू मेइर कहाने. न्यूयॉर्कहून आलेला रब्बी, म्हणजे ज्यू धर्मगुरू. अरबांना देशाबाहेर घालवा, ज्यू आणि बिगरज्यूंचे विवाह गुन्हा ठरवा, असा त्याच्या काख पक्षाचा कार्यक्रम होता. १९८४मध्ये त्याला एक जागा मिळाली. तो बोलायला उभा राहिला की सभागृह रिकामं व्हायचं, आणि बाहेर जाणाऱ्यांत लिकुडचे यित्झाक शामीरही असत. पुढच्याच वर्षी मूलभूत कायदा बदलून वंशद्वेषी पक्षांना निवडणुकीची दारं बंद केली गेली आणि १९८८मध्ये कहानेला उभं राहू दिलं नाही. तुमच्यापैकी जी घरं तीन पिढ्या लिकुडबरोबर आहेत, त्यांनी हा भाग दोनदा वाचावा. डिमोनासारख्या गावांनी १९७७मध्ये लिकुडच्या बेगिनना का साथ दिली हे मला ठाऊक आहे. मजूर पक्षाच्या गोऱ्या बाबूंनी तुम्हाला वाळवंटात नेऊन उतरवलं, हलकी कामं दिली, वर उपकाराची भाषा केली. तो राग खरा होता. पण त्या लिकुडचा नेता कहानेच्या भाषणाला बसत नव्हता, आणि आजच्या लिकुडच्या नेत्याने, नेतन्याहूंनी, २०२२मध्ये स्वतः मध्यस्थी करून कहानेच्या चेल्याला आणि स्मोट्रिचला एका यादीत आणलं. हेतू उघड होता: संसदेत शिरायला लागणाऱ्या ३.२५ टक्के मतांच्या अटीखाली उजवीकडचं एकही मत वाया जाऊ नये. १२० जणांच्या सभागृहात ६१चा आकडा जुळवायचा असला की लहान पक्षाला मागेल ती किंमत मिळते.

हे बीज मात्र कहानेपेक्षा जुनं आहे आणि सभ्य घरात वाढलेलं आहे. रब्बी अब्राहाम यित्झाक कूक हे ब्रिटिश काळातल्या पॅलेस्टाइनचे अश्केनाझी मुख्य रब्बी. देव न मानणारे झायोनवादी तरुण शेतं नांगरतात तेही नकळत देवाचंच काम करतात, असं ते शिकवत. उदार माणूस. त्यांचा मुलगा त्स्वी यहूदा कूक याने त्या उदारपणातली माणसं बाजूला ठेवली आणि जमीन तेवढी धरली. १९६७च्या स्वातंत्र्यदिनी, युद्धाच्या तीन आठवडे आधी, जेरुसलेमच्या मर्काझ हाराव येशिवामध्ये, म्हणजे धर्मपाठशाळेत, ते विद्यार्थ्यांपुढे रडले: आमचं हेब्रॉन कुठे, शखेम (नाब्लुस) कुठे, यरीहो कुठे. जूनच्या सहा दिवसांत ती तिन्ही गावं हाती आली. विद्यार्थ्यांना वाटलं, भविष्यवाणी खरी झाली. मशीहाच्या काळाची पहाट फुटली. त्या क्षणापासून नकाशा हा सरकारांनी बोलणी करून ठरवायचा विषय उरला नाही. जमीन सोडणं म्हणजे देवाचं काम उधळणं झालं.

पुढे काय घडलं ते हेब्रॉनच्या पार्क हॉटेलमध्ये पाहा. एप्रिल १९६८. मोशे लेविंगर नावाचा तरुण रब्बी काही कुटुंबांना घेऊन पेसाह साजरा करायला तिथे उतरला. हॉटेल पॅलेस्टिनी मालकाचं. सण झाला, पाहुणे निघेनात. १९२९मध्ये याच गावात ६७ ज्यू मारले गेले होते, म्हणून त्यांची मागणी अनेकांच्या काळजाला भिडली. सरकार मजूर पक्षाचं, धर्माशी त्याचं फारसं देणंघेणं नाही. तरी त्याने त्यांना हुसकलं नाही, लष्करी छावणीत जागा दिली, आणि मग शेजारी किर्यात अरबा उभं राहिलं. १९७४मध्ये अशा वसाहती वसवणारी गुश एमुनिम संघटना निघाली, १९७५मध्ये सेबास्तियाला हाच प्रयोग पुन्हा झाला आणि सरकार पुन्हा नमलं. आधी जाऊन बसायचं, मग सरकारने मान्यता द्यायची. आज पूर्व जेरुसलेम सोडूनही पश्चिम किनाऱ्यावर (वेस्ट बँक, १९६७मध्ये जिंकलेला जॉर्डन नदीकाठचा भाग) सुमारे पाच लाख वसाहतवाले आहेत. त्यातले बरेचसे स्वस्त घरासाठी गेले, देवासाठी नाही, हेही मला मान्य आहे. पण दिशा देणारे देवाचं नाव घेणारेच होते.

त्यांच्यातल्या काहींनी १९८०च्या दशकात पॅलेस्टिनी महापौरांच्या गाड्यांत बॉम्ब ठेवले, हेब्रॉनच्या इस्लामिक कॉलेजात तिघांना मारलं आणि जेरुसलेममधली सोनेरी घुमटाची मुस्लिम वास्तू (डोम ऑफ द रॉक) उडवण्याचा बेत आखला. पकडले गेले, शिक्षा झाली, शिक्षा कमी होत होत म्होरकेही काही वर्षांत सुटले. २००५मध्ये गाझातल्या २१ वसाहती पंतप्रधान शारोन यांनी रिकाम्या केल्या. त्यानंतर या मंडळींनी ठरवलं की सरकारवर बाहेरून दबाव आणून भागत नाही, सरकारच आपलं असायला हवं. स्मोट्रिच हे त्या निर्णयाचं फळ. तो आरडाओरडा करत नाही, फाइली वाचतो. अर्थखात्याबरोबर त्याने संरक्षण मंत्रालयातही एक मंत्रिपद मागून घेतलं, कारण पश्चिम किनाऱ्यावरच्या जमिनीचे कागद तिथून हलतात.

जमिनीचे कागद म्हणजे काय हे कोकणातल्या माणसाला समजावून सांगावं लागत नाही. सातबाऱ्यावर पीकपाण्याची नोंद लागली नाही तर पुढे काय भोगावं लागतं हे आपल्या आज्यांनी पाहिलं आहे. तिकडे १८५८च्या तुर्की जमीन कायद्याचा आधार घेतात: सलग तीन वर्षं नांगर लागला नसेल तर जमीन सरकारजमा. शेतकऱ्याला बंदुकीच्या धाकाने शेतावर जाऊ द्यायचं नाही, मग पडीक म्हणून जाहीर करायचं, मग वसाहतीला द्यायचं. २०२४मध्ये जॉर्डनच्या खोऱ्यात एका फटक्यात १२ चौरस किलोमीटरहून अधिक जमीन अशी ‘सरकारी’ झाली. फेब्रुवारी २०२३मध्ये वसाहतवाल्यांच्या जमावाने हुवारा गावात घरं आणि गाड्या जाळल्या, तेव्हा हे गाव पुसून टाकायला हवं असं स्मोट्रिच बोलून गेला. नंतर त्याने शब्द मागे घेतले. मार्चमध्ये पॅरिसला जाऊन, पॅलेस्टिनी नावाचे लोकच नाहीत असं म्हणाला. सप्टेंबर २०२५मध्ये हाच माणूस दिल्लीत येऊन आमच्या अर्थमंत्र्यांबरोबर गुंतवणूक करारावर सही करून गेला. मला त्या दिवशी फार वाईट वाटलं.

आता मूळ गोष्टीकडे येते. तुम्ही नाहीत, असं तुम्हालाही एकदा सांगण्यात आलं होतं.

१९६२मध्ये इस्रायलच्या मुख्य रब्बीनेटने (रब्बींच्या सर्वोच्च मंडळाने), मुख्य रब्बी यित्झाक निस्सीम यांच्या काळात, विवाह नोंदणाऱ्या रब्बींना आदेश काढला. बेने इस्रायल मुलगा किंवा मुलगी दुसऱ्या ज्यू घरात लग्न करू पाहत असेल तर आईची आई, तिची आई, जिथवर मागे जाता येईल तिथवर तपासा. कुणी बिगरज्यू तर मिसळलं नाही? कुणाचा घटस्फोट शास्त्राप्रमाणे झाला नसताना दुसरं लग्न तर झालं नाही? शंका आली तर धर्मन्यायालयाकडे पाठवा. नवगावच्या किनाऱ्यावर गलबत फुटून वाचलेल्या सात जोडप्यांची आठवण सांगणारे आपण. ग्रंथ बुडाले, हिब्रू विसरली, तरी शेमाची प्रार्थना विसरलो नाही, शनिवारी घाणा बंद ठेवला म्हणून गावाने शनवार तेली म्हटलं. गावातल्या कुणी आपल्याला कधी दाखला विचारला नव्हता. तो विचारला गेला ज्यूंच्या देशात, ज्यू धर्माधिकाऱ्यांकडून.

त्या आदेशामागे कायद्याचं बळ होतं. १९४७मध्ये, पुढे देशाचे पहिले पंतप्रधान झालेल्या बेन-गुरियन यांनी अगुदात यिस्राएल या धार्मिक पक्षाला पत्र लिहून शब्बाथ, खाणं, शिक्षण आणि लग्न या बाबतींत धर्मपक्षीयांना सांभाळून घेण्याचं वचन दिलं होतं. १९५३च्या कायद्याने ज्यूंची लग्नं आणि घटस्फोट रब्बींच्या न्यायालयांकडे गेले. आजही देशात नागरी विवाह नाही. रशियाहून आलेल्या लाखो लोकांना, सैन्यात मुलं पाठवणाऱ्यांनाही, लग्नासाठी सायप्रसचं विमान धरावं लागतं. राष्ट्र उभारायच्या घाईत दिलेला तो शब्द वेगवेगळ्या पिढ्यांच्या मानेवर बसला. पहिल्या फटक्यात ज्यांच्या मानेवर बसला त्यांत आपण होतो.

पण तुम्ही गप्प बसला नाहीत. १९६४च्या उन्हाळ्यात घरंच्या घरं जेरुसलेमला जाऊन ठिय्या देऊन बसली. बायका, पोरंबाळं, म्हातारी माणसं. क्नेसेटला सुट्टीत खास बैठक बोलवावी लागली. १७ ऑगस्ट १९६४ला पंतप्रधान एश्कोल यांच्या सरकारने जाहीर केलं की बेने इस्रायल सर्व बाबतींत ज्यू आहेत, आणि त्या महिन्याच्या अखेरीस रब्बीनेटने आदेशातून आपलं नाव काढलं. धर्माच्या नावाने चालणारी सत्ता त्या देशात नमवता येते, हे सिद्ध करणारी पहिली माणसं लोकलने भायखळ्याला कामाला जाणारी, मराठीतून भांडणारी माणसं होती. इस्रायलच्या इतिहासाच्या पुस्तकांत याला दोन ओळी मिळत असतील. मला ते आपल्या समाजाचं सगळ्यात मोठं काम वाटतं.

आणि आपण काही धुतल्या तांदळासारखे नव्हतो, हेही लिहायलाच हवं. गोरा इस्रायल आणि काळा इस्रायल असे दोन तट कोकणात होते. काळ्या इस्रायलांशी रोटीबेटी नव्हती, मशिदीत त्यांना मागे बसवत. म्हणजे रक्ताची तपासणी आपल्याच घरात शिकलेली होती. जेरुसलेमच्या रस्त्यावर बसल्यावर तिचा दाह आपल्याला कळला.

म्हणून मला तुमच्या आजच्या गप्प राहण्याचं कोडं पडतं. ज्या बुद्धीने तुमच्या पणजीचं रक्त तपासलं तीच बुद्धी आज नाब्लुसजवळच्या शेतकऱ्याला तू इथला नाहीसच म्हणते. दोन्हीकडे एकच दावा आहे: कोण आपला, कोण उपरा, जमीन कुणाची, हे देवाने आम्हाला सांगितलेलं आहे, आणि पोलीस, कोर्ट, लष्कर यांनी ते फक्त अमलात आणायचं.

मलिद्याची गोष्ट सांगते. नवस फेडायला, लग्नाआधी, मुलगा बरा झाला म्हणून, आपण एलियाहू हन्नाबीचा, म्हणजे बायबलमधल्या एलियाहू नबीचा, मलिदा करतो. भिजवलेले पोहे, गूळ, ओलं खोबरं, वर फळं, सुका मेवा. तबकाभोवती बसून एलियाहूला हाक मारतो. अलिबागजवळ खंडाळ्याच्या खडकावर त्याच्या रथाच्या चाकांच्या खुणा दाखवतो. डिमोनातही मलिदा होतो, फोटो येतात, बघून बरं वाटतं. ज्याला आपण हाक मारतो त्याने काय केलं होतं? राजा अहाबला आपल्या वाड्याशेजारचा नाबोथचा द्राक्षमळा हवा होता. नाबोथ म्हणाला, वाडवडिलांची जमीन मी देत नाही. मग राणीने खोटे साक्षीदार उभे केले, देवाची निंदा केल्याचा आरोप ठेवून नाबोथला दगडांनी मारवलं, आणि अहाब मळ्याचा ताबा घ्यायला उतरला. तिथे त्याच्यासमोर एलियाहू उभा राहिला आणि विचारलं, खून केलास आणि वर वारसही झालास? आरोप धर्माचा होता, साक्षी धर्माच्या होत्या, राजा ज्यू होता, आणि नबी राजाच्या बाजूने नव्हता.

कुणी म्हणेल, याच एलियाहूने कार्मेल डोंगरावरच्या सामन्यानंतर बआल या दुसऱ्या देवाच्या संदेष्ट्यांची कत्तल केली. केली. जहाल मंडळी तोच एलियाहू उचलतात. पण पुढचा अध्याय त्यांनी वाचावा. होरेब डोंगरावर वारा सुटतो, भूकंप होतो, आग लागते, देव त्यांपैकी कशातच नसतो. मी तुझ्यासाठी फार आवेशाने लढलो, असं एलियाहू सांगतो, आणि देव त्याला अलीशाला आपल्या जागी नेमायला पाठवतो.

रब्बींची परंपराही या मंडळींच्या खिशात नाही. तालमूदात, रब्बींच्या चर्चांच्या ग्रंथात, चुलीच्या शुद्धतेवरून वाद होतो. रब्बी एलिएझरच्या बाजूने आकाशवाणी होते, तरी बाकीचे ती मानत नाहीत, कारण तोरा आता आकाशात नाही, माणसांनी बहुमताने ठरवायचा आहे. देव हसतो, माझ्या मुलांनी मला हरवलं म्हणतो. जेरुसलेममधल्या प्राचीन मंदिराच्या टेकडीवर ज्यूंनी चढू नये असा फलक १९६७नंतर खुद्द मुख्य रब्बीनेटने लावला. बेन-ग्वीर मंत्री झाल्यावर तो फलक ओलांडून वर गेला. विचारवंत येशायाहू लेइबोविच आयुष्यभर मित्झवा, म्हणजे धर्माज्ञा, पाळणारे. त्यांनी १९६७चं युद्ध जिंकल्यावर लगेच बजावलं होतं की दुसऱ्या समाजावर राज्य करून इस्रायल सडेल. तेव्हा या राजकारणाला विरोध केला तर धर्म बुडतो असं कुणी सांगितलं तर ऐकू नका.

हमासही धर्माचंच नाव घेतो, त्याचं काय, हा प्रश्न तुम्ही विचाराल आणि विचारायलाच हवा. हमासने तुमच्या माणसांना मारलं ते क्षम्य नाही. पण ऑक्टोबर २०२३मध्ये पंतप्रधान नेतन्याहूंनी अमालेकची, बायबलात समूळ नष्ट करायला सांगितलेल्या शत्रूची, आठवण काढली, जानेवारी २०२४मध्ये जेरुसलेमच्या सभागृहात गाझात पुन्हा वसाहती करा म्हणून मंत्री नाचले, आणि तिथल्या आरोग्य खात्याच्या नोंदीप्रमाणे साठ हजारांहून जास्त पॅलेस्टिनी मेले. त्यात लेकरं किती! तुमची मुलं त्या युद्धात लढली, काही परत आली नाहीत. त्याच सरकारातल्या हरेदी (कट्टर सनातनी) पक्षांनी येशिवातल्या मुलांना सैन्यातून सूट हवी म्हणून हट्ट धरला. बेन-गुरियन यांनी १९४८मध्ये ४०० मुलांना दिलेली ती सूट होती. बेगिन यांनी १९७७मध्ये मर्यादा काढली. जून २०२४मध्ये सर्वोच्च न्यायालयाने एकमताने सांगितलं की सूट बेकायदा आहे. देवासाठी युद्ध मागणारे एकीकडे, देवासाठी युद्धातून सुटणारे दुसरीकडे, आणि रणगाड्यात बसतो डिमोनाचा पोरगा.

पुढच्या निवडणुकीत उमेदवार तुमच्या मशिदीत, तुमच्या मराठी कार्यक्रमांना, मलिद्याच्या तबकाजवळसुद्धा येऊन बसतील. भारताचं कौतुक करतील, साडीतल्या आजीबरोबर फोटो काढतील. त्यांना तीन गोष्टी विचारा. कहानेच्या वारसांबरोबर सरकारात बसणार का? नागरी विवाहाच्या कायद्याला मत देणार का? जमावाने पॅलेस्टिनी गाव जाळलं तर आमच्या पोरांना तो जमाव अडवायला पाठवणार की त्याला संरक्षण द्यायला? उत्तर गुळमुळीत आलं तर मत देऊ नका, मग तो लिकुडचा असो, शासचा असो की तुमच्या गल्लीतला. आणि १९६४च्या ठिय्यात बसलेलं कुणी तुमच्या घरात अजून असेल, तर त्यांना त्या उमेदवारासमोर खुर्ची द्या आणि बोलू द्या. हिब्रू अडली तर मराठीत बोलू द्या, नातवंडं भाषांतर करतील.

तुमची,
ठाण्याची एक बेने इस्रायल बहीण